इंजिनाचा दिवा आणि घरची केबल



गेल्या उन्हाळ्यात इथे झल्लाकला आमच्या गाडीचा 'चेक इंजिन' दिवा लागला. गॅरेजवाला बॉनेट न उघडताच म्हणाला, "ऑक्सिजन सेन्सर बदला." मी घरी येऊन ईएलएम ३२७ची केबल स्टिअरिंगखालच्या १६ पिनांच्या सॉकेटला लावली. लॅपटॉपवर ड्रायव्हर टाकून पोर्ट नंबर जुळवण्यातच अर्धी संध्याकाळ गेली. कोड आला पी०१७१, म्हणजे मिश्रणात हवा जास्त, पेट्रोल कमी. शोधलं तर इंजिनाकडे जाणारी रबरी व्हॅक्यूम नळी उन्हाने तडकलेली! नळी बदलून कोड पुसला, दिवा परत लागला नाही.

ओबीडी-२चं हे सॉकेट अमेरिकेत १९९६पासून सक्तीचं आहे. ते काही फक्त गॅरेजवाल्यांसाठी नाही. म्हणून माझं मत, केबल प्रत्येकाने घरी ठेवावीच. पण दोन पथ्यं पाळा. कोड म्हणजे लक्षण, निदान नव्हे. हाच कोड खराब सेन्सरमुळेही येतो. आणि लिहून घेतल्याशिवाय कोड पुसू नका, त्याबरोबर बिघाडाच्या क्षणाची नोंदही जाते. वाचा बिनधास्त, ईसीयूत लिहायच्या भानगडीत मात्र पडू नका.

बघा पटतंय का. चू. भू. द्या. घ्या.