भातावरून शिताची परीक्षा

जर्मनीतील ट्युबिंगेन विद्यापीठाचे दिमित्री कोबाक आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा एक शोधनिबंध जुलै २०२५ मध्ये 'सायन्स अ‍ॅडव्हान्सेस' या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. 'पबमेड' या वैद्यकीय संशोधनाच्या सूचीतील २०१० ते २०२४ या काळातील दीड कोटींहून अधिक सारांश त्यांनी संगणकाकरवी तपासले. त्यावरून २०२४ मधील किमान साडेतेरा टक्के सारांशांवर चॅटजीपीटीसारख्या यंत्राचा हात फिरला असावा, असा निष्कर्ष निघाला. काही उपसंग्रहांत हे प्रमाण ४० टक्क्यांपर्यंत पोहोचते. त्यासाठी एकाही संशोधकाला प्रश्न विचारावा लागला नाही. केवळ शब्द मोजण्यात आले.

ही पद्धत तशी सोपी आहे. करोनाकाळात नेहमीच्या मृत्युदराशी तुलना करून 'अतिरिक्त मृत्यू' मोजले गेले. त्याच धर्तीवर येथे 'अतिरिक्त शब्द' मोजले गेले. आधीच्या वर्षांचा कल पाहता एखादा शब्द २०२४ मध्ये किती सारांशांत यायला हवा होता आणि प्रत्यक्षात किती सारांशांत आला, यातील तफावत काढायची. 'डेल्व्हज' हा इंग्रजी शब्द अपेक्षेच्या २८ पट आढळला. 'अंडरस्कोअर्स' आणि 'शोकेसिंग' यांचीही वाढ दसपटीहून अधिक होती.

शब्दांची अशी लाट पूर्वीही आली होती. २०२० नंतर 'पँडेमिक', 'मास्क' हे शब्द असेच उसळले. मात्र ती विषयाशी निगडित नामे होती. जगात नवा रोग आला, म्हणून लेखनात नवे शब्द आले. २०२४ मधील लाटेत क्रियापदे आणि विशेषणे यांचा भरणा आहे. कोणत्याही विषयाशी त्यांचे नाते नाही, ती शैलीची लेणी आहेत. हजारो संशोधकांची शैली एकाच वेळी, एकाच दिशेने बदलते, तेव्हा कारण बाहेर शोधावे लागते. चॅटजीपीटी ३० नोव्हेंबर २०२२ रोजी सर्वांसाठी खुले झाले, हे ध्यानात घेतले की कोडे उलगडते.

येथवर सारे ठीक आहे. प्रश्न उभा राहतो तो पुढच्या पायरीवर. शितावरून भाताची परीक्षा करावी, असे आपल्याकडे म्हणतात. आता नेमके उलट घडते आहे. भाताविषयी निघालेला निष्कर्ष एकेका शितावर लादला जात आहे. एप्रिल २०२४ मध्ये सिलिकॉन व्हॅलीतील गुंतवणूकदार पॉल ग्रॅहम यांनी, आपल्याकडे आलेल्या एका प्रस्तावात 'डेल्व्ह' हा शब्द असल्याचे समाजमाध्यमावर लिहून तो यंत्रलिखित असल्याचे सूचित केले. त्यावर नायजेरियातून तीव्र प्रतिक्रिया उमटल्या. हा शब्द आमच्या औपचारिक इंग्रजीत नित्याचा आहे, असे तेथील अनेकांचे म्हणणे होते.

एखादा शब्द २८ पट वाढला, तरी तो वापरणारा प्रत्येक लेखक यंत्राचा आश्रित ठरत नाही. तो शब्द पूर्वीही कोणी तरी लिहीतच होते आणि ते आजही लिहीत आहेत. शिवाय ज्यांनी यंत्राची मदत घेतली, त्यांतील बहुतेकांच्या सारांशात हा विशिष्ट शब्द नसणारच. म्हणजे या चाळणीतून दोषी निसटतात आणि निर्दोष अडकतात. कोबाक यांच्या अभ्यासाने व्यक्तींवर बोट ठेवलेले नाही. तो साऱ्या संग्रहाविषयी बोलतो आणि त्याचे बळही त्यातच आहे.

शब्दमोजणीने एकेका लेखाचा लेखक ठरवता येतच नाही, असे मात्र नाही. अमेरिकेच्या राज्यघटनेच्या समर्थनार्थ १७८७-८८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'फेडरलिस्ट' लेखमालेतील ८५ पैकी १२ लेख हॅमिल्टनचे की मॅडिसनचे, हा वाद दीर्घकाळ चालला. फ्रेडरिक मॉस्टेलर आणि डेव्हिड वॉलेस यांनी १९६४ मध्ये तो शब्दांच्या वारंवारतेवरून सोडवला. 'अपॉन' हा शब्द हॅमिल्टन हजार शब्दांत साधारण तीनदा वापरी, मॅडिसन क्वचितच. अशा अनेक शब्दांची साक्ष एकत्र केल्यावर कौल मॅडिसनकडे गेला. परंतु तेथे दावेदार दोनच होते आणि दोघांचेही निर्विवाद लेखन हाताशी होते. आज संशयित विद्यार्थ्याचे पूर्वीचे लेखन कोण तपासतो? त्याची तुलना होते ती भलत्याच कोणाच्या तरी इंग्रजीशी.

याचा फटका कोणाला बसतो, हेही दिसून आले आहे. स्टॅनफर्ड विद्यापीठातील संशोधकांनी २०२३ मध्ये यंत्रलेखन ओळखणाऱ्या सात प्रणालींना 'टोफेल' परीक्षेतील ९१ निबंध तपासायला दिले. हे निबंध इंग्रजी मातृभाषा नसलेल्यांनी स्वतः लिहिलेले होते. तरीही सरासरी ६१ टक्के वेळा त्यांवर यंत्रलिखित असा शिक्का बसला. अमेरिकी शाळकरी मुलांच्या निबंधांबाबत ही चूक जवळपास झालीच नाही. परदेशी विद्यापीठात अर्ज करणाऱ्या नाशिकच्या किंवा मडगावच्या विद्यार्थ्याने ही आकडेवारी लक्षात ठेवावी अशी आहे.

तुलनेचा मापदंड कोणाचा, हा प्रश्न महाराष्ट्राला नवा नाही. लेखनाच्या अशा निवडक संग्रहाला भाषाविज्ञानात 'कॉर्पस' म्हणतात. १९६१ मधील अमेरिकी इंग्रजीचा दहा लाख शब्दांचा कॉर्पस ब्राउन विद्यापीठात तयार झाला. त्याच साच्यात ब्रिटिश इंग्रजीचाही झाला. कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठात प्रा. एस. व्ही. शास्त्री यांच्या नेतृत्वाखाली १९७८ मधील भारतीय इंग्रजीचा तसाच संग्रह सिद्ध झाला. सुमारे दोन हजार शब्दांचे एक, असे ५०० उतारे त्यात आहेत. जगभरचे अभ्यासक त्याला 'कोल्हापूर कॉर्पस' म्हणून ओळखतात. भारतीय माणसाच्या इंग्रजीला लंडनच्या फुटपट्टीने चूक ठरवण्याऐवजी तिची स्वतःची रीत मोजण्याची सोय त्यामुळे झाली.

मराठीपुढचे काम याहून कठीण आहे. 'घर', 'घरात', 'घराचा', 'घरातल्यांनी' ही रूपे एक शब्द मानायची की चार, हे ठरवल्याविना मोजणीच सुरू होत नाही. पुण्यातील 'एल३क्यूब' या गटाने २०२२ मध्ये सुमारे २८.९ कोटी शब्दांचा 'महाकॉर्पस' खुला केला, ही मोठीच जमेची बाजू. मात्र त्यातील बहुतांश वाक्ये बातम्यांची आहेत. बातमीच्या मापाने विद्यार्थ्याचा निबंध किंवा ग्रामीण लेखकाची कथा जोखली, तर चांगले मराठीही 'वेगळे' आणि म्हणून संशयास्पद दिसेल. निरनिराळ्या प्रांतांतील, बोलींतील आणि लेखनप्रकारांतील समतोल संग्रह आधी उभा राहायला हवा.

तोवर विद्यापीठांनी आणि संपादकांनी एक पथ्य पाळावे. शब्दांची गणती रोगाची साथ आली आहे, एवढे सांगते. समोरचा माणूस आजारी आहे की नाही, हे सांगत नाही. शंका आली, तर त्याचे कच्चे खर्डे पाहावेत, त्याला समोर बसवून दोन प्रश्न विचारावेत. त्यात थोडा वेळ जाईल. परंतु एका शब्दापायी कोणाचे वर्ष बुडण्यापेक्षा तो वेळ खर्ची पडलेला बरा.