न वाचता दिलेला होकार

दूरच्या सर्व्हरवर एसएसएचने पहिल्यांदा लॉगिन करताना पडद्यावर एक प्रश्न येतो: या यंत्राची खातरजमा होऊ शकलेली नाही, तरी पुढे जायचे का? सोबत अक्षरे आणि आकडे यांची एक लांबलचक ओळ असते. ती सर्व्हरची फिंगरप्रिंट. आपल्यापैकी बहुतेक जण ती न वाचताच ‘येस’ टाइप करतात. ही सवय घातक आहे.

एसएसएचचा जन्मच चोरीतून झाला. १९९५ साली हेलसिंकीच्या तंत्रविद्यापीठात कोणीतरी नेटवर्कवर पाळत ठेवून पासवर्ड लांबवले. तेव्हा दूरच्या संगणकावर जायचे ते टेलनेटने, आणि टेलनेटवर पासवर्डसुद्धा उघडाच जाई. तिथले संशोधक तातू इलोनेन यांनी त्याच वर्षी एसएसएच लिहून सर्वांसाठी खुले केले. फायली पाठवणाऱ्या एफटीपीचा पोर्ट, म्हणजे जोडणीचा क्रमांक, २१, टेलनेटचा २३. मधला २२ रिकामा होता, तो त्यांनी मागून घेतला.

आता आपला संगणक, म्हणजे क्लायंट, सर्व्हरच्या या २२ क्रमांकावर जोडणी मागतो. कोणत्या पद्धतीने सांकेतिक बोलायचे हे दोघे ठरवतात आणि काही आकड्यांची उघड देवाणघेवाण करून दोघांनाच ठाऊक असलेले एक गुपित तयार करतात. मधे बसून नुसते ऐकणाऱ्याला ते काढता येत नाही. पण मधे बसणारा नुसता ऐकत नसेल तर? तोच सर्व्हर असल्याची बतावणी करत असेल तर? तेव्हा सांकेतिक संभाषण उत्तम चालते, फक्त ते चोराशी चालते, आणि टाइप केलेला पासवर्ड त्याच्या हाती जातो.

म्हणून सर्व्हर या देवाणघेवाणीवर आपल्या खासगी किल्लीने सही करतो. ती सही जिच्याशी ताडून पाहायची, त्या सार्वजनिक किल्लीची ओळख म्हणजे फिंगरप्रिंट. पहिल्या भेटीत क्लायंटकडे ती किल्ली नसते, म्हणून तो माणसाला विचारतो. होकार मिळाला की किल्ली नोंदवून ठेवतो आणि पुढे ती बदलली तरच ओरडतो. सुरक्षेचा एवढा डोलारा त्या एका होकारावर उभा आहे.

नंतरच्या ओरडण्याचीही आपण तीच गत करतो: जुनी नोंद पुसायची आणि पुढे जायचे. किल्ली बदलण्याचे कारण साधेही असू शकते, पण ते विचारायला हवे. मार्च २०२३मध्ये गिटहब या कोड साठवणाऱ्या कंपनीची एक खासगी किल्ली चुकून काही काळ सार्वजनिक झाली. कंपनीने ती तातडीने बदलली आणि नवी फिंगरप्रिंट जाहीर केली, म्हणून ताडून पाहणे शक्य झाले.

दोष एकट्या वापरणाऱ्याचा नाही. खाते देताना वापरकर्त्याचे नाव आणि पासवर्ड कळवला जातो, फिंगरप्रिंट क्वचितच. ताडायला काही हातात नसेल तर माणूस काय ताडणार? महाविद्यालयांच्या आणि कंपन्यांच्या संगणक विभागांनी ती ओळ खात्याच्या पत्रातच छापावी. एसएसएचच्या आजच्या आवृत्त्यांत त्या प्रश्नाला ‘येस’ऐवजी फिंगरप्रिंटच चिकटवता येते, जुळली तरच जोडणी पुढे जाते. पत्रात ती नसेल, तर पासवर्ड टाकण्याआधी विभागाला फोन करून मागून घ्या.