महाल उभारणारा माणूस

सिनेमा संपला आणि पडद्यावर नावं सरकू लागली की आपण पायाने चपला शोधू लागतो. नट, गायक, संगीतकार आपल्याला पाठ असतात. ते ज्या वाड्यात वावरले तो वाडा कोणी उभारला, हा प्रश्न आपल्याला पडतच नाही. गंमत म्हणजे तो पडू नये यातच त्या माणसाचं यश असतं!

नितीन चंद्रकांत देसाई हे या कामातलं मोठं मराठी नाव. जे. जे. मध्ये शिकलेल्या देसाईंनी १९८७ साली 'तमस' मालिकेसाठी नीतिश रॉय यांच्या हाताखाली उमेदवारी केली. पुढे 'चाणक्य' मालिका केली. '१९४२ : अ लव्ह स्टोरी'ने (१९९४) त्यांचं नाव झालं. 'कौन बनेगा करोडपती'चा २००० सालचा सेटही त्यांचाच. 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर', 'हम दिल दे चुके सनम', 'लगान' आणि 'देवदास' या चार चित्रपटांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले.

यातले शेवटचे दोनच शेजारी ठेवून पाहा. एकात कच्छमध्ये भुजजवळ उभारलेलं मातीच्या घरांचं खेडं, दुसऱ्यात रंगीत काचांची हवेली. चुलीमागची भिंत किती काळवंडलेली असेल, उंबरा किती झिजलेला असेल, हे ज्याला कळतं त्यालाच हे जमतं. नुसतं प्लायवूड आणि रंग असून भागत नाही.

पण सेट हा मोडण्यासाठीच बांधलेला असतो. म्हणूनच असेल, देसाईंना कायमचं काही उभारायची ओढ लागली. २००५ साली त्यांनी कर्जतला स्टुडिओ काढला. 'जोधा अकबर'चा (२००८) आग्र्याचा किल्ला तिथेच उभा राहिला. पुढे कर्जाचा डोंगर झाला आणि दिवाळखोरीची कारवाई सुरू झाली. २ ऑगस्ट २०२३ रोजी त्याच स्टुडिओत त्यांनी आपलं आयुष्य संपवलं. त्यांच्या मनात काय होतं याचे तर्क आपण करू नयेत.

आम्हा नाशिककरांना मात्र दादासाहेब फाळके आठवल्याशिवाय राहत नाहीत. तेही जे. जे. चेच विद्यार्थी. 'राजा हरिश्चंद्र'नंतर १९१३ साली ते नाशिकला आले. लेखन, दिग्दर्शन आणि देखाव्यांची आखणी तर ते करतच, पण भांडवलाची ओढाताणही त्यांच्याच वाट्याला आली. १९४४ साली इथेच, हलाखीत, ते गेले. आज पांडवलेण्यांच्या पायथ्याशी त्यांचं स्मारक आहे आणि देशातला सर्वोच्च चित्रपट-सन्मान त्यांच्या नावाने दिला जातो.

मला वाटतं, आपलं चुकतं ते इथेच. महाल रंगवणं वेगळं आणि कर्जाचे हप्ते सांभाळणं वेगळं. ही दोन्ही ओझी आपण एकाच खांद्यावर टाकतो आणि खांदा मोडला की हार घालतो. देसाईंचा स्टुडिओ २०२५ साली शासनाच्या चित्रनगरी महामंडळाने ताब्यात घेतला. चांगलंच झालं, पण हाच हात मालक हयात असताना पुढे आला असता तर?

आता निदान एक व्हावं. अशा कलावंतांची रेखाटनं आणि छोट्या प्रतिकृती जपणारं एक दालन निघावं, तेही फाळक्यांच्या नाशकात. सेट मोडले तरी कागद राहू शकतात. आठवीतल्या एखाद्या मुलाने ती रेखाटनं पाहून घरी सांगावं, "मला हे करायचंय", आणि त्याच्या वडिलांनी "त्याने पोट भरतं का?" हे विचारण्याआधी एकदा त्याच्याबरोबर येऊन ती पाहावीत.