दुखवटा फक्त मेलेल्यांचाच?

घरात कुणी गेलं की आपण शेजारधर्माला चुकत नाही. पिठलं-भाकरी पोचते, सुतक पाळलं जातं, बाई रडली तर 'रडू दे तिला, मोकळी होईल' म्हणतो. जातीबाहेरच्या मुलावर जीव लावला आणि घरच्यांनी तो संबंध तोडायला लावला, त्या मुलीला हे का नाही? तिचा मोबाईल आधी ताब्यात घेतात. आई शेजारी बसून एकेक फोटो पुसायला लावते. मग मामाच्या गावी रवानगी, आणि महिनाभरात कांदेपोह्यांचा कार्यक्रम. रडून सुजलेले डोळे पाहुण्यांना दिसू नयेत म्हणून काजळ जरा जास्तच!

'झालं गेलं विसरून जा' हा उपदेश करतं कोण? ज्यांनी मोडलं तेच. तिचं दुःख हलकं व्हावं म्हणून नव्हे, आपल्या कृत्याचा साक्षीदार घरात उरू नये म्हणून. जात मोडायची तर आंतरजातीय विवाह हाच खरा उपाय, असं बाबासाहेबांनी १९३६ साली लिहून ठेवलं. अशा जोडप्यांना सरकार ५० हजारांचं अनुदान देतं. आणि आपण? १४ एप्रिलला पुतळ्याला हार घालतो नि १५ला वधूवर मंडळात स्वजातीचं स्थळ शोधतो.

मुलाचे हाल वेगळे. 'अशा छप्पन मिळतील' म्हणत मित्र त्याला बारमध्ये नेतात. बाप म्हणतो, बायकांसारखा रडतोस काय. रडण्याची लाज वाटणारा हाच पोरगा उद्या तिच्या कॉलेजच्या फाटकाशी उभा राहून धमक्या देतो, तेव्हा आपण मेणबत्त्या घेऊन निघतो. त्याला नकार पचवायला कुणी शिकवलं होतं?

लग्न होऊन मोडलं तरी सुटका नाही. परस्परसंमतीच्या घटस्फोटाची सोय हिंदू विवाह कायद्यात १९७६ साली आली, दोघांना फेरविचारासाठी सहा महिनेही दिले. हा अवधी सक्तीचा नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये सांगितलं. कायदा एवढा समजूतदार झाला. हळदीकुंकवाचं आमंत्रण मात्र घटस्फोटितेच्या दारावरून पुढे जातं. विवाहविषयक जाहिराती उघडून बघा. 'निर्दोष घटस्फोटित' असं छापावं लागतं तिथे. दोन माणसांचं पटलं नाही, एवढ्यासाठी निर्दोषत्वाचा दाखला मागणारे आपण कोण न्यायाधीश?