कुत्रीचे दिवस कोठून मोजायचे?

वरूडकडे संत्र्याच्या बागेत राखणीला एखादी कुत्री असतेच. ती गाभण राहून त्रेसष्ट दिवस उलटले आणि तरीही व्याली नाही, की घरात दोन मते पडतात. एक म्हणतो, ‘जनावराले काय सुईण लागते?’ दुसरा म्हणतो, ‘कळांचं इंजेक्शन देऊन टाका.’ माझ्या मते दोघेही चुकतात. दोघांनीही कुत्रीकडे न पाहता फक्त दिनदर्शिकेकडे पाहिलेले असते.

कुत्रीचा गर्भकाळ सुमारे ६३ दिवसांचा, हे खरे. पण ते दिवस बीजांड सुटल्यापासूनचे. आपण मोजतो संयोगापासून. नराचे शुक्राणू कुत्रीच्या शरीरात जवळजवळ आठवडाभर जिवंत राहू शकतात. उलट, सुटलेले बीजांड फलनायोग्य व्हायलाच दोनेक दिवस लागतात. म्हणून संयोगापासून मोजल्यास प्रसूती ५७ व्या दिवशी होऊ शकते, तशी ७२ व्या दिवशीही! नुसता ६५ वा दिवस उजाडला म्हणून घाबरण्याचे कारण नाही.

मग भरवसा कशावर ठेवावा? थर्मामीटरवर. गर्भ टिकवून धरणारे प्रोजेस्टेरॉन हे संप्रेरक प्रसूतीच्या आदल्या दिवशी झपाट्याने घटते आणि त्याबरोबर शरीराचे तापमानही उतरते. एरवी ते १०१ अंश फॅरनहाइटच्या आसपास असते. ९९ च्या खाली आले की बहुधा चोवीस तासांत कळा सुरू होतात. गंमत अशी, की या घटीचा इशारा पोटातली पिल्लेच आपल्या संप्रेरकांद्वारे देतात. पिल्लू एकच असेल तर इशारा क्षीण पडतो. अशा वेळी दिवस खरोखरच लांबतात आणि मोठे झालेले ते पिल्लू वाटेत अडते.

तापमान उतरून पुरा दिवस गेला तरी कळा नाहीत, जोराच्या कळा अर्धा तास येऊनही पिल्लू बाहेर येत नाही, किंवा पहिल्या पिल्लाआधीच हिरवा-काळा स्राव दिसतो, तर क्षणभरही थांबू नये. तो रंग वार सुटू लागल्याची खूण आहे. आतल्या पिल्लाचा प्राणवायू तुटत असतो. संयोगापासून ७० दिवस उलटले तरीही तपासणी हवीच. ऑक्सिटोसिनचे इंजेक्शन मात्र तपासणीवाचून कधीही देऊ नये. पिल्लू आडवे अडले असताना गर्भाशय आवळले गेले, तर ते फाटूही शकते. तेथे शस्त्रक्रियाच लागते. तालुक्याच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात ती सोय नसेल, तर अकोल्याची स्नातकोत्तर पशुवैद्यक संस्था किंवा नागपूरचे पशुवैद्यकीय महाविद्यालय गाठावे लागते, म्हणून गाडीची तजवीज आधीच हवी. गाय अडली की आपण रात्री-अपरात्री धावतो. राखणीच्या कुत्रीला बाजारात भाव नाही, एवढाच काय तो फरक!

शिक्षकांना एक सुचवावेसे वाटते. एखाद्या विद्यार्थ्याच्या घरी माणसाळलेली गाभण कुत्री असेल, तर ५५ व्या दिवसापासून सकाळ-संध्याकाळ तिच्या तापमानाची नोंद ठेवून वर्गात आलेख काढावा. थर्मामीटरच्या टोकाला व्हॅसलीन लावून तो शेपटीखाली, गुदद्वारात धरायचा असतो; हे काम कुत्रीच्या ओळखीच्या मोठ्या माणसानेच करावे. आणि हो, तो थर्मामीटर घरातल्या औषधांच्या डब्यात परत ठेवू नका!