कागदांची रॉबर्टा, हाडामांसाची माणसे

लिन हर्शमन लीसन या अमेरिकी कलावतीने १९७३ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत रॉबर्टा ब्राइटमोर नावाची एक बाई निर्माण केली. ही बाई कधी जन्मलीच नव्हती; केसांचा टोप घालून, चेहरा रंगवून कलावतीच तिच्या रूपाने वावरे. तरीही रॉबर्टाला वाहनपरवाना मिळाला, क्रेडिट कार्ड मिळाले आणि १९७८ पर्यंत ती समाजात बिनदिक्कत नांदली.

अर्थशास्त्राच्या दृष्टीने या कलाप्रयोगाचा अर्थ साधा, पण गंभीर आहे. पत मिळते ती माणसाला नव्हे, त्याच्या नोंदीला. नोंद चोख असली की माणूस असण्याचीही गरज उरत नाही. संगणक घरोघरी पोहोचण्यापूर्वी हे तिने ओळखले, हे विशेष.

आपल्याकडे पहिला आधार क्रमांक २०१० साली नंदुरबार जिल्ह्यातील टेंभली येथे दिला गेला. बोगस लाभार्थी, म्हणजे आपल्या देशी रॉबर्टा, वगळण्याचा हेतू रास्तच होता. परंतु प्रश्न उलटा उभा राहिला. मजुरीने बोटांचे ठसे झिजलेली वृद्धा रास्त भावाच्या दुकानात सदेह उभी असते. दुकानदार तिला ओळखतो. यंत्र ओळखत नाही. रॉबर्टाला देह नसून पत होती; हिला देह असून धान्य नाही.

म्हणून यंत्राने नकार दिल्यास नोंदवहीत नोंद करून त्याच दिवशी धान्य मिळाले पाहिजे. चूक यंत्राची आणि उपास माणसाला, हा व्यवहार कोणत्याही जमाखर्चात बसत नाही.