कॅमेऱ्याच्या अलीकडे, पलीकडे

गणपतीच्या दिवसांत घर माणसांनी भरलेलं असतं, आरत्या आटोपलेल्या असतात आणि कुणीतरी टीव्हीवर 'धमाल' लावतं. त्या सिनेमात एका दमात उच्चारता येणार नाही एवढं लांब नाव असलेले एक दाक्षिणात्य गृहस्थ आहेत. ते पडद्यावर आले की घरातला एखादा तरी म्हणतोच, "ह्येका खंयतरी बघलंय." बघितलेलं असतंच. 'चांदनी बार'मधला इन्स्पेक्टर गायकवाड याच माणसाने उभा केला. प्रकाश झा यांच्या 'राजनीती' आणि 'सत्याग्रह'मध्ये तो आहे. मराठी मालिकांमध्ये तर तो वर्षानुवर्षं घराघरांत येत राहिला. मोठे डोळे, खर्जातला किंचित खरखरीत आवाज, आणि समोरच्याचं बोलणं पुरतं ऐकून घेतल्याशिवाय तोंड न उघडण्याची सवय. विनय आपटे. चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा, नाव मात्र आठवावं लागतं. याचं मला मनापासून वाईट वाटतं, कारण मराठी टीव्ही आज जसा आहे, त्याच्या पायाभरणीला या माणसाचे हात लागलेले आहेत.

१७ जून १९५१ हा त्यांचा जन्मदिवस. मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं, आणि त्याच्या पहिल्या काही वर्षांतच नाटकाचं वेड घेतलेला हा तरुण तिथे निर्माता म्हणून काम करू लागला. दूरदर्शनचा निर्माता म्हणजे पैसे घालणारा शेठ नव्हे. संहिता मिळवायची, ती वेळेत बसवायची, नट निवडायचे, तालमी घ्यायच्या आणि मग कंट्रोल रूममध्ये बसून कुठल्या क्षणी कुठल्या कॅमेऱ्याचं चित्र घ्यायचं ते सांगायचं, हे सगळं त्याच्याकडे. हाताशी सामान थोडं, स्टुडिओची वेळ मोजून दिलेली. वरळीच्या त्या इमारतीत विनायक चासकर, विजया जोगळेकर, आकाशानंद, सुहासिनी मुळगावकर अशी मंडळी होती. टीव्हीसाठी कार्यक्रम कसा करायचा हे त्यांना शिकवायला मराठीत आधीचं कुणी नव्हतं. ते करत गेले, चुकत गेले आणि त्यातून पुढच्यांसाठी वाट पडली. आपटे यांचं नाव त्यातल्या 'गजरा' या कार्यक्रमाशी जोडलं गेलं. छोटे प्रवेश, गंमत, टोले, गाणी असं सगळं एकत्र गुंफलेला तो कार्यक्रम होता, आणि कितीतरी रंगकर्मींचे चेहरे लोकांनी पहिल्यांदा त्यात पाहिले.

आमच्या कणकवलीला 'गजरा' ऐकूनच ठाऊक. मुंबई केंद्राचे मराठी कार्यक्रम तेव्हा इथवर पोचतच नव्हते. मे महिन्यात आणि गणपतीत गावी येणारे चाकरमानी लालबाग-परळच्या खोल्यांत, शेजाऱ्याच्या दारात दाटीवाटीने बसून पाहिलेले प्रवेश इथल्या पडवीत करून दाखवत. पुढे इथे टीव्ही आला तो बांबूला बांधलेल्या अँटेनासह, चित्र कमी आणि मुंग्या जास्त. म्हणजे आपटे यांचं ऐन उमेदीतलं काम आम्ही दुसऱ्याच्या तोंडून पाहिलं. आज ते पाहायला मिळावं म्हटलं तरी अवघड आहे. त्या काळी टेप महाग असत, एकीवरचं पुसून दुसरं चित्रित केलं जाई, आणि बरंचसं काम त्यातच गेलं.

नाटकातला माणूस टीव्हीत गेला की पहिली अडचण आवाजाची. शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचवायची सवय लागलेला नट स्टुडिओत उभा राहिला की कॅमेरा त्याच्या तोंडापासून चार हातांवर असतो, आणि रंगमंचावर शोभणारी भुवई इथे फार होते. निर्मात्याला हे रोज दिसतं. काचेपलीकडे बसून तो नटाचं खोटं पकडायला शिकतो. आपटे यांनी हे शिक्षण काही वर्षं घेतलं, दुसऱ्यांचे चेहरे बघून बघून. पुढे ते स्वतः कॅमेऱ्यासमोर उभे राहिले तेव्हा त्यांचं काम इतकं नेमकं वाटे ते यामुळेच, असं मी मानतो. कॅमेरा आपल्याकडे नेमकं काय मागतोय हे त्यांना आतून कळत होतं.

नाटक आणि टीव्ही या दोन घरांत एकाच वेळी नांदणारी माणसं जगात इतरत्रही आहेत. पोलंडमध्ये १९५३ पासून सरकारी टीव्हीवर नाटकं सादर होत आली आहेत. कितीतरी वर्षं सोमवारची रात्र त्यासाठी राखलेली असे. तिथल्या मोठ्या नटांनी रंगमंच न सोडता या टीव्ही-नाटकांत कामं केली, काहींनी ती बसवलीही. गावातल्या ज्या माणसाला वॉर्साचं नाट्यगृह कधी दिसणार नव्हतं, त्याने शेक्सपिअर घरात बसून पाहिला. मुंबई दूरदर्शनने आपल्याकडे नाटकं दाखवली तेव्हा असंच काहीसं घडलं होतं. पण पोलंडने ही गोष्ट परंपरा म्हणून जपली, आपण ती हातची जाऊ दिली. आपटे यांच्यासारखी माणसं हाताशी असताना जाऊ दिली, हे मला जास्त लागतं.

रंगमंच आपटे यांनी कधीच सोडला नाही. १९८१मध्ये विजय तेंडुलकरांचं 'मित्राची गोष्ट' त्यांनी दिग्दर्शित केलं. एका मुलीचं दुसऱ्या मुलीवर प्रेम आहे, ही गोष्ट मराठी रंगमंचावर उघडपणे मांडणारं ते नाटक. सुमित्रेची, म्हणजे मित्राची भूमिका रोहिणी हट्टंगडी यांनी केली होती. दिग्दर्शक तिशीचा, विषय असा की नुसत्या उल्लेखाने माणसं खुर्चीतून उठावीत. असं नाटक हाती घेणाऱ्याला तेंडुलकरांच्या नावाचा आधार असला, तरी रोजच्या तालमीत नटांना सांभाळायचं, संवाद सवंग होऊ द्यायचा नाही, ही जबाबदारी त्याचीच. चाळीसहून अधिक वर्षांनंतर आज त्या विषयावर मालिका येतात, चर्चा होतात. १९८१मध्ये ते करणाऱ्याची छाती मोठी होती.

सतरा वर्षांनी, १९९८मध्ये, त्यांनी प्रदीप दळवी यांचं 'मी नथुराम गोडसे बोलतोय' बसवलं. शरद पोंक्षे यांची मध्यवर्ती भूमिका होती. त्याच वर्षी नाटकाचे प्रयोग थांबवले गेले, आणि २००१मध्ये उच्च न्यायालयाने बंदी उठवली. मी कणकवलीचा माणूस आहे. कोकणचे गांधी म्हणून ओळखले गेलेले अप्पासाहेब पटवर्धन यांचा गोपुरी आश्रम आमच्या गावाला लागून, वागद्याला आहे. माणसाने माणसाचा मैला डोक्यावरून वाहू नये म्हणून जन्मभर झटलेल्या माणसाचा तो आश्रम. त्याच्या शेजारी वाढलेल्या मला त्या नाटकाची बाजू पटत नाही, कधी पटणारही नाही. पण बंदी घालून विचार संपतो हेही मला पटत नाही. आपटे यांच्या कारकिर्दीविषयी लिहिताना हे नाटक वगळून पुढे जाणं खोटेपणाचं झालं असतं. दिग्दर्शक म्हणून त्यांची पकड त्यात होती, आणि ज्या गोष्टीवर ते उभे राहत तिथून हलत नसत.

आता 'आभाळमाया'. १९९९मध्ये अल्फा टीव्ही मराठी वाहिनी आली, आणि तिच्यावर रोज दिसणारी ही मालिका सुरू झाली. शीर्षकगीत मंगेश कुळकर्णी यांचं, संगीत अशोक पत्की यांचं, आवाज देवकी पंडित यांचा. दिग्दर्शन आपटे यांचं, पुढे मंदार देवस्थळी यांचंही. सुकन्या कुलकर्णी यांची सुधा जोशी ही नोकरी करणारी, शिकवणारी बाई. नवऱ्याने दुसरा संसार थाटल्याचं कळल्यावर ती कोसळते, पण तिचा कणा शाबूत राहतो. मनोज जोशी यांनी तो नवरा केला होता. कणकवलीत तोवर केबल आलेली होती. शीर्षकगीत सुरू झालं की आमच्या आळीतल्या बायका हातातलं काम टाकून बसत, आणि दुसऱ्या दिवशी बाजारात मासे घेताना सुधाचंच बोलणं असे.

ती मालिका पुन्हा डोळ्यांसमोर आणली की एक गोष्ट ध्यानात येते. तिच्यात माणसं गप्प बसत. एखादी बाई स्वयंपाकघरात उभी आहे, बाहेर नवरा फोनवर बोलतोय, आणि ती नुसती ऐकते आहे, असे प्रसंग त्या मालिकेने बिचकत न घेता दिले. रोजच्या मालिकेचं गणित कठीण असतं. दिवसाला एका भागाएवढं चित्रण संपवायचं, संवाद कधी कधी सेटवरच हातात पडतात, तालमीला वेळ नाही. अशा घाईत गप्प बसण्याची किंमत ज्याला कळते तो दिग्दर्शक नाटकातूनच यावा लागतो. पुढच्या काळात रोजच्या मालिकांनी ही शांतता टाकून दिली, एकेका चेहऱ्यावर तीन तीनदा धडाम वाजवायला सुरुवात केली. त्याचं खापर आपटे यांच्या पिढीवर फोडणारे लोक मला भेटतात. मी त्यांना 'आभाळमाया'चे सुरुवातीचे भाग आठवून बघायला सांगतो.

आणि मग त्यांचं तिसरं आयुष्य, लहान भूमिकांचं. चरित्र अभिनेत्याला मुख्य पात्राची गोष्ट पुढे सरकवायची असते. त्याच्या वाट्याला येतात चार प्रसंग, त्यातल्या दोनांत तो उभा असतो. एवढ्यात माणूस दिसला पाहिजे, त्याचं घर, त्याचा हुद्दा, त्याची भीती दिसली पाहिजे. आमच्या गावाला हे समजावून सांगायची गरज पडू नये. कणकवलीतली सगळ्यांत मोठी सांस्कृतिक संस्था वसंतराव आचरेकर यांच्या नावाने उभी आहे, आणि आचरेकर हे कुमार गंधर्वांचे तबल्याचे साथीदार. गायकाचं नाव मोठं, पण ठेका ढळला तर मैफल ढळते. आपटे यांची पडद्यावरची कामं मला अशी साथीची वाटतात. 'चांदनी बार'मध्ये तब्बूच्या मुमताजची फरफट आहे, गोष्ट तिचीच आहे. पण त्या इन्स्पेक्टरच्या थंड, हिशेबी बोलण्याशिवाय तिच्या जगाचा धाक आपल्याला जाणवला नसता. त्या भूमिकेत ते आवाज चढवत नाहीत. गरजच पडत नाही.

शेवटपर्यंत ते काम करत राहिले. 'सत्याग्रह' ऑगस्ट २०१३मध्ये प्रदर्शित झाला, आणि त्याच वर्षी ७ डिसेंबरला मुंबईत त्यांचं निधन झालं. वय अवघं ६२. चरित्र अभिनेत्याला खरं तर याच वयात चांगली कामं मिळू लागतात.

हे सगळं आज लिहितोय ते इथल्या मुलामुलींसाठी. आचरेकर प्रतिष्ठानच्या नाथ पै एकांकिका स्पर्धेत मी दरवेळी त्यांना बघतो. विंगेत उभं राहून दुसऱ्याचे संवाद पुटपुटणारी, सेट उचलणारी, मग घाम पुसत रंगमंचावर जाणारी मुलं. आता त्यांना टीव्ही लांबचा राहिलेला नाही. २०१६मध्ये 'रात्रीस खेळ चाले'चा कॅमेरा आकेरीला आला, राजू सावंत यांनी ती मालिका दिग्दर्शित केली, प्रल्हाद कुडतरकर यांनी तिचं लेखनही केलं आणि पांडूही रंगवला. आपल्या बोलीतला पांडू सगळ्या महाराष्ट्राने घरात घेतला. तेव्हापासून आमची मुलं विचारतात, मालिकेत जायचं तर फोटो कुठे पाठवायचे, रील किती टाकायच्या. मी त्यांना सांगतो, सेटवर गेलास आणि तुझा शॉट संपला की गाडीची वाट बघत बाहेर बसू नकोस. मॉनिटरच्या मागे, कुणाला अडचण होणार नाही अशा जागी उभा राहा. दिग्दर्शक काय बघून 'पुन्हा एकदा' म्हणतो ते बघ. दुसऱ्या नटाचा क्लोजअप चालू असताना त्याला कॅमेऱ्यामागून संवाद द्यायची वेळ आली तर ते काम टाळू नकोस, तुझा चेहरा दिसणार नसला तरी पूर्ण जिवाने दे. आणि संध्याकाळी परत आलास की पुढच्या एकांकिकेत एखादा प्रवेश तू बसव, चार जणांचा का असेना. आपटे यांच्या डोळ्यांत जो नेमकेपणा दिसतो तो दुसऱ्यांना बसवता बसवता आलेला आहे, आणि ते काम करायला कणकवलीत तालमीच्या जागेची आणि मुलांची वाण नाही.